खापरांवरचं गाव

लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये चुनखडीची एक मोठी कपची आहे. दोन्ही अंगांनी शाईने भरलेली. उजव्या कडेला माणसांची नावं, नावांपुढे तारखा आणि तारखांच्या डोक्यावर लाल शाईत बारीक अक्षरांत कारणं. हा हजेरीपट आहे. खरं तर गैरहजेरीचा पट. राजा दुसरा रामसेस याच्या कारकिर्दीतल्या ४०व्या वर्षाचा, म्हणजे सुमारे सव्वातीन हजार वर्षांपूर्वीचा. चाळीस कामगार आणि २८० दिवस त्यात नोंदले आहेत. एकाला विंचू चावला. एकाचे डोळे दुखत होते. कुणी घरी बिअर करत होता, कुणी घर बांधत होता, कुणी आईच्या पार्थिवाला कापड गुंडाळत होता. कुणाच्या घरात बायको किंवा मुलगी विटाळशी होती, म्हणून तो आला नाही. एक जण इतरांसाठी औषधं तयार करण्यात गुंतल्यामुळे पुन्हा पुन्हा गैरहजर आहे. एकाच्या नावापुढे, तो खोन्सूबरोबर पीत बसला होता, असं सरळ लिहिलं आहे.

प्राचीन इजिप्त म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पिरॅमिड येतात, तुतनखामेनचा सोन्याचा मुखवटा येतो. ते वैभव खोटं नाही. पण त्या वैभवावरून राजाला आपण कसं दिसावं असं वाटत होतं, एवढंच कळतं. माणसं कशी जगत होती हे कळायला असल्या कपच्या लागतात. इजिप्तविद्येतला सर्वांत मोलाचा ऐवज सोन्याच्या दालनात नाही, तो या दगडी कपच्यांवर आणि फुटक्या मडक्यांच्या खापरांवर आहे, असं माझं ठाम मत आहे. यातल्या हजारो कपच्या एकाच गावातून आल्या. हे प्रकरण त्या गावाचं आणि ते वाचायला शिकलेल्या अभ्यासकांचं.

गावाचं आजचं नाव दैर अल-मदिना. लक्सरसमोर नाईलच्या पश्चिम तीरावर, हिरवी शेतं संपून डोंगर सुरू होतात तिथल्या एका कोरड्या दरीत ते आहे. मागच्या डोंगरापलीकडे राजांची दरी. तिथे राजांसाठी खडकात थडगी खोदायची, भिंतींवर चित्रं आणि मजकूर रंगवायचा, हे या गावाचं काम. इ.स.पू. सुमारे १५०० ते १०७० अशी चारशेहून अधिक वर्षं हे काम इथे बापाकडून मुलाकडे येत राहिलं. गावाभोवती भिंत, भिंतीच्या आत शेवटच्या काळात ६८ घरं. घराला घर चिकटलेलं, मधून एक अरुंद गल्ली. खोल्या एकामागे एक अशा लांबट, सर्वांत मागे स्वयंपाकघर.

गावात विहीर नव्हती. पाण्याचा थेंबन् थेंब गाढवांवरून यायचा. पाणी आणणारे, मासे पकडणारे, लाकूडफाटा तोडणारे, मडकी करणारे, कपडे धुणारे अशी सगळी माणसं सरकारने नेमलेली. साध्या कामगाराला महिन्याला चार खार खपली गहू आणि दीड खार सातू मिळे. एक खार म्हणजे सुमारे ७६ लिटर. गव्हाची भाकर, सातूची बिअर. नाणी अजून जगात यायची होती. पगार म्हणजे हा शिधाच. कामगारांचे दोन गट होते, उजवा आणि डावा, आणि प्रत्येकाला एक मुकादम. आठवडा दहा दिवसांचा. कामाचे दिवस डोंगरखिंडीतल्या दगडी झोपड्यांत काढायचे आणि सुट्टीला घरी यायचं. तांब्याच्या छिन्न्या देताना आणि परत घेताना तोलून घेत. अंधाऱ्या भुयारात जळणाऱ्या दिव्यांच्या वातींचाही हिशेब ठेवत.

इतक्या हिशेबाला लिहिणारे हात लागतात, आणि ते या गावात भरपूर होते. राजाच्या थडग्याची भिंत ज्यांना मजकुराने भरायची आहे, त्यांना अक्षरओळख असणारच. ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांनी स्वतःची ओळख म्हणून एकेक खूण ठरवली होती. अशा खुणांनी भरलेल्या कपच्याही सापडतात. पपायरस जपून वापरायची वस्तू. डोंगर फोडताना निघालेल्या चुनखडीच्या कपच्या मात्र फुकटच्या. एक उचलायची, बोरूने लिहायचं, काम झालं की फेकायची. पाऊस जवळजवळ नाही, गाव उठून गेल्यावर त्यावर दुसरं गाव वसलं नाही, म्हणून शाई टिकली. गावाच्या उत्तरेला पन्नास मीटरहून खोल खड्डा आहे, बहुधा पाण्याच्या शोधात खणलेला. पाणी लागलं नाही आणि पुढे त्यात गावचा कचरा पडला. १९४०च्या दशकाच्या अखेरीस तो उपसला तेव्हा सुमारे पाच हजार लिहिलेली खापरं आणि कपच्या वर आल्या.

हा खड्डा उपसणारे बर्नार ब्रुयेर हे कैरोच्या फ्रेंच पुरातत्त्व संस्थेचे. त्यांनी दैर अल-मदिनात १९२२ ते १९५१, मध्ये युद्धाचा खंड धरून, एवढा काळ उत्खनन केलं. त्याच १९२२ साली डोंगरापलीकडे हॉवर्ड कार्टरना तुतनखामेनचं थडगं सापडलं आणि जगभरचे बातमीदार तिकडे धावले. ब्रुयेर अलीकडच्या दरीत घरांचे पाये मोकळे करत, ओटे-चुली-कोनाडे मोजत राहिले. आपल्याला त्या काळच्या एखाद्या गवंड्याच्या घरात देव कुठे बसवत हे आज सांगता येतं, ते त्यांच्या या चिकाटीमुळे.

खापरं सापडणं वेगळं आणि ती वाचता येणं वेगळं. शांपोलिओंनी १८२२ साली चित्रलिपीची किल्ली शोधली, हे आपण शाळेत वाचलेलं असतं. पण गावातले लेखनिक देवळांच्या भिंतींवरची रेखीव चित्रलिपी रोजच्या कामात वापरत नव्हते. ते हिरॅटिक लिपीत लिहीत. चित्रलिपी आणि हिरॅटिक यांचं नातं साधारण बाळबोध आणि मोडीसारखं समजा: एक स्पष्ट, सुटी आणि देखणी, दुसरी घाईची, जोडून लिहिलेली, ज्याच्या त्याच्या वळणाची. पेशवे दफ्तरातला एखादा रुमाल सोडून बसलेल्या मोडीवाचकाला जी दमछाक ठाऊक असते, तीच इथे. शिवाय कपची अर्धी तुटलेली, शाई उडालेली.

या कामाला यारोस्लाव चेर्नी यांनी आयुष्य दिलं. १८९८ साली बोहेमियातल्या प्लझेन शहरात जन्मलेला हा माणूस प्रागमध्ये बँकेत नोकरी करत करत इजिप्तविद्या शिकला. १९२५पासून तो ब्रुयेर यांच्या उत्खननात मजकूर वाचण्याच्या कामावर आला. पुढे लंडन आणि ऑक्सफर्डला प्राध्यापक झाला. त्याने वह्यांच्या वह्या भरून नकला उतरवल्या. नुसतं वाचलं नाही. कुणाचं अक्षर कोणतं, कोण कुणाचा मुलगा, कोणत्या वर्षी मुकादम कोण, हे सगळं जुळवत नेलं. केनहेरखेपशेफ नावाच्या लेखनिकाचं घाईचं, गिचमिड अक्षर आज अभ्यासकांना लांबूनही ओळखू येतं. त्याच्याकडे स्वप्नांचे अर्थ सांगणारा एक पपायरस होता. कुठलं स्वप्न शुभ आणि कुठलं अशुभ याची ती यादी आहे. पपायरसाच्या मागच्या कोऱ्या बाजूवर त्याने दुसऱ्या रामसेसच्या कादेशच्या लढाईचं काव्य स्वतःच्या हाताने उतरवून घेतलं. चेर्नी १९७० साली वारले. या कामगारवस्तीवरचा त्यांचा मोठा ग्रंथ तीन वर्षांनी, अपुराच, छापून आला.

या गावातल्या घटनांपैकी सर्वांत गाजलेली घटना इटलीतल्या ट्यूरिनच्या इजिप्शियन संग्रहालयातल्या एका पपायरसवर आहे. राजा तिसरा रामसेस, कारकिर्दीचं २९वं वर्ष, सुमारे इ.स.पू. ११५७. पुराच्या ऋतूच्या दुसऱ्या महिन्यात वीस दिवस उलटले तरी शिधा आला नव्हता. तेव्हा गावचा लेखनिक अमेननख्त स्वतः होरेमहेब राजाच्या देवळात गेला आणि ४६ खार गहू घेऊन आला. तेवढ्यापुरतं भागलं. चार महिन्यांनी पुन्हा तेच. महिन्याचे अठरा दिवस गेले, धान्य नाही. मग कामगार काम टाकून निघाले, पहाऱ्याच्या पाच भिंती ओलांडून तिसऱ्या थुतमोसच्या देवळामागे जाऊन बसले. अधिकाऱ्यांनी शपथा घेतल्या, आश्वासनं दिली. माणसं उठली नाहीत. पुढच्या दिवसांत ते रामेसियम या दुसऱ्या रामसेसच्या भव्य देवळापाशी गेले, नंतर आतही शिरले. त्यांचं म्हणणं नोंदलेलं आहे: आम्ही भुकेपायी आणि तहानेपायी इथे आलो, कपडा नाही, तेल नाही, मासे नाहीत, भाजी नाही, हे राजाला कळवा, वजिराला कळवा. अखेर मागच्या महिन्याचा शिधा मिळाला.

लिखित पुरावा असलेला हा जगातला सर्वांत जुना संप. मला त्यातला पुढचा भाग अधिक महत्त्वाचा वाटतो. शिधा मिळाल्यावरही प्रकरण मिटलं नाही. पुढच्या महिन्यांत माणसं पुन्हा पुन्हा बाहेर पडली. एकदा समजूत घालायला आलेल्यांना त्यांनी सांगितलं की आम्ही केवळ भुकेसाठी आलेलो नाही, राजाच्या या जागेत गैरकृत्यं चालली आहेत, त्याबद्दल आमची तक्रार आहे. पोट आणि न्याय या दोन्ही गोष्टी ते एकाच दमात मागत होते. ‘तो’ नावाचा वजीर राजाच्या तिसाव्या वर्षाच्या उत्सवासाठी दक्षिणेकडचे देव न्यायला आला होता. कोठारात काही नसलं तरी मिळालं ते देतो, असा त्याचा निरोप आला, आणि अर्धा शिधा मिळाला.

या सगळ्याची नोंद बहुधा त्या अमेननख्तनेच केली. तो सरकारी कारकून होता आणि गावकरीही. तिकडे काही अंतरावर, मेदिनेत हाबूच्या देवळात, याच तिसऱ्या रामसेसने समुद्रावरून आलेल्या शत्रूंचा कसा धुव्वा उडवला याची प्रचंड चित्रं कोरलेली आहेत. दोन्ही पुरावे एकाच राजाच्या काळातले, एकमेकांपासून पायी जाण्याच्या अंतरावरचे. फक्त भिंत वाचली तर साम्राज्य बळकट दिसतं. पपायरस वाचला की कळतं, राजाचं स्वतःचं थडगं खोदणाऱ्या साठेक माणसांना वेळेवर धान्य पोचवणं या राज्याला जमेनासं झालं होतं. इजिप्तविद्या पुरावे असे शेजारी-शेजारी ठेवते, म्हणून तिला शास्त्र म्हणायचं.

कागदावर विश्वास किती ठेवायचा, हेही या गावाने शिकवलं. पानेब नावाचा मुकादम होता. त्याच्याविरुद्धची लांबलचक तक्रार ब्रिटिश म्युझियममधल्या एका पपायरसवर आहे. त्याने वजिराला पाच नोकर लाच देऊन मुकादमकी मिळवली, राजा दुसरा सेती याच्या थडग्याच्या कामातले दगड पळवले, गावातल्या बायकांशी संबंध ठेवले, लोकांना मारहाण केली. वाचताना चीड येते. पण तक्रारदार कोण? आधीच्या मुकादमाचा भाऊ अमेननख्त (लेखनिक नव्हे, हा दुसरा). ते पद आपल्याला मिळायला हवं होतं असं त्याचं म्हणणं. पानेबची बाजू आपल्यापर्यंत पोचलेली नाही. जुन्या पुस्तकांत पानेब सरळ खलनायक म्हणून रंगवलेला सापडतो. मला ते पटत नाही. एकतर्फी फिर्यादीवर तीन हजार वर्षांनंतरही शिक्षा सुनावू नये.

नाउनख्तेचं तसं नाही. तिचं म्हणणं तिच्याच तोंडून, साक्षीदारांसमोर नोंदलेलं आहे. पाचव्या रामसेसच्या तिसऱ्या वर्षी ही म्हातारी गावच्या न्यायसभेपुढे उभी राहिली. तरुणपणी तिचं लग्न वयाने कितीतरी मोठ्या असलेल्या त्या केनहेरखेपशेफशी झालं होतं. तो गेल्यावर तिने एका कामगाराशी लग्न केलं, आठ मुलं वाढवली. आता तिने सांगितलं: मी या आठांना वाढवलं, रीतीप्रमाणे सगळ्यांचा संसार मांडून दिला, मी म्हातारी झाले आणि यांतले काही माझ्याकडे बघत नाहीत. ज्याने माझ्या हाताला हात दिला त्याला माझं देईन, ज्याने दिला नाही त्याला देणार नाही. एका मुलाला तिने इतरांपेक्षा जास्तीचं म्हणून काशाचं भांडं दिलं. चेर्नी यांनी १९४५ साली ही कागदपत्रं प्रसिद्ध केली. इजिप्तमध्ये स्त्रीला स्वतःच्या नावाची मालमत्ता होती, तिची वाटणी ती स्वतः ठरवू शकत होती आणि त्यासाठी न्यायसभेपुढे बोलू शकत होती, हे कुठल्याही राणीच्या पुतळ्यापेक्षा या म्हातारीने जास्त स्पष्ट केलं.

असं घर-घर, माणूस-माणूस जुळवता येण्यासाठी एक अट असते: वस्तू कुठे, कशाशेजारी सापडली ते ठाऊक हवं. तिथेच या विद्येच्या इतिहासातली सर्वांत दुखरी बाजू आहे. एकोणिसाव्या शतकात युरोपी वाणिज्यदूत आणि व्यापारी इजिप्तमधून जहाजं भरून वस्तू नेत. फ्रान्सचा वाणिज्यदूत द्रोवेत्ती याने जमवलेला संग्रह १८२४ साली ट्यूरिनला विकला गेला. त्याच वर्षी शांपोलिओ तिथे गेले तेव्हा पपायरसांचे तुकडे ढिगाने पडलेले त्यांना दिसले. कोणता तुकडा कोणत्या घरातून, कोणत्या खोलीतून आला, हे कायमचं गेलं होतं. दैर अल-मदिनात १८८६ साली सेन्नेजेम या कामगाराचं थडगं मूळ स्थितीत, न लुटलेलं सापडलं. आत त्याच्या कुटुंबातली वीस माणसं होती. त्यातल्या वस्तू कैरो, न्यूयॉर्क, बर्लिन अशा विखुरल्या. एक कुटुंब तीन हजार वर्षं एकत्र राहिलं आणि शोध लागल्यावर काही वर्षांत फुटलं.

वीस वर्षांनी, १९०६ साली, एर्नेस्तो स्कियापारेल्ली यांना याच गावाच्या स्मशानात खा आणि मेरित या जोडप्याचं थडगं अस्पर्श मिळालं. खा बांधकामांवरचा अधिकारी होता. त्याच्या वस्तू मात्र बहुतेक सगळ्या ट्यूरिनमध्ये एकत्र ठेवल्या गेल्या: खुर्च्या, पेट्या, अंगरखे, पाव, मेरितचा केसांचा टोप. या दोघांच्या ममी आजवर उलगडलेल्या नाहीत. क्ष-किरणांनी आत पाहिलं जातं. दोन थडगी, जवळपास एकाच तोलाची, पण दुसऱ्यातून आपल्याला पहिल्यापेक्षा फार जास्त कळतं.

फुटलेलं कधी जुळतंही. राजांची थडगी लुटणाऱ्या टोळीच्या कबुलीजबाबाचा एक पपायरस इंग्लंडातल्या अ‍ॅमहर्स्ट संग्रहात होता, पण वरचा अर्धा भाग गायब. १९३५ साली ब्रसेल्समध्ये जाँ कापार एक लाकडी मूर्ती तपासत होते. तिच्या पोटातल्या पोकळीत पपायरसची गुंडाळी निघाली. तोच हरवलेला अर्धा भाग.

अलीकडच्या पिढ्यांनी या गावाला नवे प्रश्न विचारले. नेदरलँड्समधल्या लायडन विद्यापीठाचे याक यान्सेन यांनी खापरांवरचे व्यवहार गोळा करून १९७५ साली भावांचा ग्रंथ काढला. नाणी नसली तरी किमती तांब्याच्या वजनात, देबेनमध्ये, मोजत. एक देबेन सुमारे ९१ ग्रॅमचा. गाढव, शवपेटी, चपला, अंगरखा, सगळ्याचे भाव निघाले, आणि विसाव्या राजवंशाच्या उतरत्या काळात धान्य कसं महागलं तेही. अमेरिकन अभ्यासक अ‍ॅन ऑस्टिन यांनी गावकऱ्यांची हाडं तपासली. पुरुषांच्या गुडघ्यांत आणि घोट्यांत संधिवाताची झीज दिसली. डोंगर चढून-उतरून कामाला जाण्याची ती किंमत. २०१४ साली त्यांना एका स्त्रीच्या ममीवर तीसहून अधिक गोंदणं आढळली, त्यांत गाई, कमळं आणि होरसचा डोळा. खापरांनी जे सांगितलं नव्हतं ते शरीरांनी सांगितलं.

एक गोष्ट इथे बोलायलाच हवी. फावडं आणि घमेलं ज्यांच्या हातात होतं त्या इजिप्शियन मजुरांची नावं छापील अहवालांत क्वचितच येतात. फ्लिंडर्स पेट्री यांनी १८९०च्या दशकात कुफ्त गावातल्या माणसांना उत्खननाचं कसब शिकवलं, आणि पुढे पिढ्यान् पिढ्या ‘कुफ्ती’ हे इजिप्तभरच्या उत्खननांवर मुकादम म्हणून राहिले. अहमद कमाल यांच्यासारख्या पहिल्या इजिप्शियन अभ्यासकांना आपल्याच देशात परक्या साहेबांच्या हाताखाली जागेसाठी झगडावं लागलं. इ.स.पू. तेराव्या शतकात विंचू चावलेल्या कामगाराचं नाव आपल्याला ठाऊक असावं आणि त्याचं घर खणणाऱ्याचं नसावं, हा अन्याय आहे. तो दूर करायला आता सुरुवात झाली आहे, आणि तेही याच शास्त्राचं काम आहे.

गाव शेवटी उठलं. अकराव्या रामसेसच्या काळात पश्चिमेच्या वाळवंटातून लिबियन टोळ्या येत होत्या. उरलेली कुटुंबं मेदिनेत हाबूच्या भक्कम तटाआड राहायला गेली. संपाची नोंद करणाऱ्या अमेननख्तच्या चौथ्या पिढीतला थुतमोस तेव्हा लेखनिक होता. नुबियाच्या मोहिमेवरून, आजारी असताना, त्याने मुलाला, बुतेहामूनला, लिहिलेली पत्रं आपल्याकडे आहेत. घरच्यांची काळजी, देवांना माझ्यासाठी साकडं घाला ही विनवणी, असा त्यांचा सूर आहे. पुढे याच बुतेहामूनवर जबाबदारी आली ती राजांची थडगी उघडून, सोनं काढून घेऊन, ममी सुरक्षित जागी हलवण्याची. ज्यांच्या पूर्वजांनी ती थडगी राखली, त्यांच्याच हातून ती रिकामी झाली. त्यांनी आणि त्यांच्यानंतरच्यांनी लपवलेल्या राजांच्या ममी १८८१ आणि १८९८ साली सापडल्या.

दैर अल-मदिनाच्या खापरांचं वाचन अजून संपलेलं नाही. कैरोच्या फ्रेंच संस्थेत आणि इतर संग्रहांत कितीतरी कपच्या प्रसिद्धीची वाट पाहत आहेत. लायडन विद्यापीठाची या मजकुरांची सूची आणि ट्यूरिनच्या पपायरसांची छायाचित्रं कुणालाही घरबसल्या पाहता येतात. वाचकहो, ती जरूर पाहा. आणि पुढे कुठल्याही संग्रहालयात इजिप्तच्या दालनात गेलात, तर वस्तूखालच्या पाटीवर ती नेमकी कुठे सापडली हे लिहिलं आहे का, ते आधी शोधा. लिहिलं नसेल, तर तिथे विचारा.